बत्ती घालव, दिवा ऱ्हाऊ दे

“लाइट आली. बत्ती घालव. दिवा ऱ्हाऊ दे.”

हे वाक्य कुठल्या कवितेतलं नाही, आमच्या आत्याचं आहे. नेवासे तालुक्यात, प्रवरेपासून दोन कोसांवर तिची वस्ती. उन्हाळ्याच्या सुट्टीत आम्ही भाचेकंपनी तिथे जाऊन पडायचो. सन १९८५-८६च्या आसपासची गोष्ट. संध्याकाळी लाइट जायची, कधी नऊला यायची, कधी अकराला. आली की पडवीतला बल्ब एकदम डोळ्यांत घुसायचा, पोरं ‘हेऽऽ’ करून ओरडायची आणि त्या गलक्यातून आत्याचा आवाज यायचा, अगदी सपाट, रोजचा: लाइट आली, बत्ती घालव, दिवा ऱ्हाऊ दे.

रसग्रहण करायचं तर कवितेचं करावं, ही शाळेची शिस्त. मध्यवर्ती कल्पना सांगा, अलंकार ओळखा, पाच गुण. पण त्या सुट्ट्यांमध्ये फुकट ऐकलेल्या या सात शब्दांइतकं घट्ट विणलेलं मराठी मी पुढे फार थोड्या ठिकाणी वाचलं. उजेड देणाऱ्या वस्तूची तीन नावं आणि तीन क्रियापदं. नाव बदललं की क्रियापद बदलतं, आणि त्यांची अदलाबदल चालत नाही. ‘दिवा आला’ असं कुणी म्हणत नाही. ‘लाइट राहू दे’ म्हटलं तर बटणाकडे निघालेल्या माणसाला हटकल्यासारखं वाटतं. आणि ‘दिवा घालव’ हे शब्द देव्हाऱ्याकडे तोंड करून आत्याच्या तोंडून कधीच निघाले नसते.

लाइट आधी घेऊ, कारण वाक्यात तीच आधी येते आणि बाकीच्या दोघांना कामाला लावते.

हा इंग्रजी शब्द नगरच्या बोलीत बाई झाला आहे. लाइट येते, जाते, डिम होते, लपंडाव खेळते. तिचं सामान्यरूपही ‘भिंतीचा’, ‘विहिरीचा’ या चालीवर होतं: लायटीचा खांब, लायटीचं बिल, लायटीवरची मोटर. शब्द परका असला तरी एकदा त्याला आपला प्रत्यय नीट बसला की त्याच्या गावाची चौकशी थांबते. पुण्या-मुंबईकडे बरेच जण ‘लाइट गेले’ म्हणतात. मला हा फरक निव्वळ लिंगवचनाचा वाटत नाही. शहरात दिवे जातात: खोलीतले, जिन्यातले, रस्त्यावरचे, म्हणून अनेकवचन. वस्तीवर जाते ती एकच, खांबावरून येणारी. ती गेली की बल्ब जातो, पिठाची गिरणी थांबते आणि विहिरीवरची मोटर बंद पडते. तिथे लाइट म्हणजे दिवा नव्हेच.

‘आमच्या विहिरीला अजून लाइट नाही’ म्हणणाऱ्याला विहिरीत उजेड पाडायचा नसतो. त्याहून बहारदार वाक्य म्हणजे, ‘या आठवड्याला लाइट रातची हाय.’ शहरातला पाहुणा हे ऐकून गोंधळतो. दिवा रात्रीचाच असणार, त्यात सांगायचं काय? पण त्याचा अर्थ असा, की शेतीपंपाला लागणारा थ्री फेज पुरवठा या पाळीत रात्री मिळणार, आणि माणसाला अंधारात उसाला पाणी द्यायला जावं लागणार. लाइट रात्रीची, म्हणून माणूस काळोखात. भाषेनं ठरवून विरोधाभास अलंकार साधला असता तर इतका जमला नसता. या काळोखाला दातही आहेत. संगमनेर, राहुरी, श्रीरामपूर, नेवासे या उसाच्या पट्ट्यात बिबट्या उसातच राहतो, उसातच पिलं घालतो. एका हातात फावडं, दुसऱ्या हातात बॅटरी. (टॉर्चला ‘बॅटरी’ म्हणणं ही आणखी एक गंमत: उजेड पाडणाऱ्या वस्तूचं नाव आपण तिच्या पोटात काय आहे त्यावरून ठेवलं. आणि ती लावायची नसते, ‘मारायची’ असते. ‘तिकडं बॅटरी मार, काय हालतंय बघ.’) ‘दिवसा लाइट द्या’ ही मागणी नगर जिल्ह्यात मोर्च्यांत ऐकली आहे. ‘दिवसा दिवा द्या’ असं तिचं भाषांतर करून पाहा, म्हणजे लाइट आणि दिवा किती लांब गेलेत ते कळेल.

विहिरीवरच्या खोपटात एक बल्ब असतो. त्याचं बटण कायम खाली पाडलेलं. लाइट नसतानाही तो ‘चालूच’ असतो. फक्त पेटलेला नसतो. घरून ओट्यावर उभं राहून बघायचं, खोपटात पिवळा ठिपका दिसला की लाइट आली. त्या बल्बच्या उजेडात कुणी काही करत नाही. तो निरोप्या आहे. त्याला दिवा म्हणावं तर तो अंधार घालवायला लावलेला नाही, आणि बत्ती म्हणावं तर कुणी त्याच्याजवळ बसत नाही. लाइट म्हणजे काय, हे त्या पंचवीस-चाळीस वॉटच्या निरोप्याकडे पाहून सगळ्यात चांगलं समजतं.

छापील मराठीनं मात्र हा शब्द उंबऱ्याबाहेरच ठेवला आहे. बिल हातात घ्या: स्थिर आकार, वीज आकार, वहन आकार, वीज शुल्क. सगळीकडे वीज. पण आत्याच्या वस्तीवर वीज आभाळातून पडते आणि बैल मारते. ती खांबावरून घरात आणावी, तिचे पैसे भरावेत, असं कुणाला वाटेल? पडणारीला वीज आणि येणारीला लाइट, अशी वाटणी लोकांनी केली, आणि मला ती सरकारी परिभाषेहून शहाणपणाची वाटते.

आता बत्ती.

संस्कृत ‘वर्ति’मधून मराठीत ‘वात’ आली आणि त्याच मुळातून हिंदीकडची ‘बत्ती’. म्हणजे ‘दिवाबत्ती’ या जोडशब्दात बत्ती ही मुळात वातच. पण आपण वात कापसाची ठेवली आणि बत्ती रॉकेलची केली. आत्या कंदिलाला बत्ती म्हणायची, लग्नात डोक्यावरून नेतात तिला गॅसबत्ती म्हणायची. कामाचा, हलवता येणारा, तेल खाणारा उजेड तो बत्तीचा. रॉकेल रेशनवर मिळायचं, मोजून. म्हणून क्रियापद ‘घालव’. मराठीत आपण काय काय घालवतो? वेळ, पैसा, अब्रू, नोकरी. जे खर्ची पडतं आणि परत येत नाही ते सगळं. बत्ती घालव म्हणजे तिला जाऊ दे, आता तिच्यावर थेंबभरही खर्च नको. आत्याच्या त्या दोन शब्दांत रेशनकार्डाचा अख्खा हिशेब होता. आम्ही पोरं चाप दाबून काच उचलायचो आणि फूऽ करून बत्ती विझवायचो. फुंकर मारलेली तिला चालायची. इथे एवढंच लक्षात ठेवू.

बत्तीच्या भावंडांची नावं पाहिली तर ते अख्खं खटलं परदेशातून आलेलं दिसतं. कंदील अरबी, मशाल अरबी. आणि ज्या समईशिवाय आपलं एकही उद्घाटन होत नाही, तिचं नाव कोशकार अरबी ‘शमअ’पाशी, म्हणजे मेणबत्तीपाशी नेऊन पोचवतात. मेणबत्तीनं उद्घाटन नको म्हणून समई आणणाऱ्यांना हे सांगायची माझी कधी छाती झाली नाही. मलिक अहमदनं वसवलेल्या शहराच्या जिल्ह्यात या शब्दांचं नवल वाटायचं कारणही नाही. इथल्या भाषेत निजामशाही अजून कंदील धरून उभी आहे.

चिमणीची कथा जरा वेगळी. औषधाची बाटली किंवा पत्र्याचा डबा, झाकणाला भोक, त्यातून वर काढलेली चिंधीची वात, झाली चिमणी. नाव इंग्रजी धुराड्यावरून, कंदिलाच्या काचेवरून आलेलं; आणि हिच्या डोक्यावर काच नाही, धुराडं नाही, काहीच नाही. धूर तेवढा भरपूर. आत्याच्या चुलीमागची भिंत त्या धुरानं काळी झाली होती आणि त्या काळ्यावर तिनं चुन्याच्या बोटांनी लक्ष्मीची पावलं काढली होती. त्याच जिल्ह्यात प्रवरानगरला १९५०च्या सुमारास सहकारी साखर कारखाना उभा राहिला, आणि मग एकामागून एक तालुक्यात कारखान्यांच्या चिमण्या आभाळात गेल्या. अभ्यासाला बसलेला पोरगा चिमणीजवळ, बाप चिमणीखाली आणि अंगणात दाणे टिपतेय तीही चिमणीच. कुणाचा कधी गोंधळ उडाल्याचं ऐकलं नाही.

ग्रामपंचायतीच्या पावतीवर घरपट्टी, आरोग्य, पाणीपट्टी यांच्या ओळीत ‘दिवाबत्ती’ असते. दिवाबत्ती कर. रस्त्यावर आता एलईडी आहेत, चौकात हायमास्ट आहे, पण कर दिवाबत्तीचाच. जुन्या काळी देवळांना दिवाबत्तीसाठी जमिनी इनाम दिलेल्या असत. देवापुढे नंदादीप तेवता ठेवायचा आणि त्याबदल्यात जमीन खायची. तो देवळातला शब्द चावडीवर आला, चावडीवरून पावतीवर.

आणि ‘दिवा’.

संस्कृत दीप, प्राकृत दीव, मराठी दिवा. व्युत्पत्ती सरळ आहे. अडचण येते ती जुळ्या भावामुळे. संस्कृतात ‘दिवा’ हे अव्यय आहे आणि त्याचा अर्थ ‘दिवसा’. दिवाकर म्हणजे दिवस करणारा, दिव्याशी त्याचं नातं नाही. दिवास्वप्न दिवसा पडतं. सगळ्यात फसवा शब्द ‘दिवाभीत’. कुणासमोर न येणारा, कोपऱ्यात बसणारा माणूस दिवाभीत. मी कितीतरी वर्षं समजत होतो, की तो दिव्याला भितो. भितो तो दिवसाला. दिवाभीत म्हणजे घुबड. कालिदासानं कुमारसंभवाच्या पहिल्याच सर्गात हिमालयाच्या गुहांत लपलेल्या अंधाराला ही उपमा दिली आहे, आणि त्या अंधाराचा वैरी म्हणून दिवाकरालाही तिथेच आणून उभं केलं आहे. पण मराठी कानाला दोन्हींत दिवाच ऐकू येतो. चुकीचा ऐकू येतो, पण अर्थ बिघडत नाही. घुबडाला दिवाही आवडत नाहीच.

‘दिवाळं’ हा याहून वादग्रस्त शब्द. १८८६ साली निघालेल्या हॉब्सन-जॉब्सन कोशात एक जुनी समजूत नोंदवली आहे: व्यापारी बुडाला की दुकानात भला मोठा दिवा लावून ठेवायचा आणि देणेकऱ्यांचा हिशेब लागेपर्यंत परागंदा व्हायचा, त्यावरून दिवाळं. ही व्युत्पत्ती वादाची आहे, हेही तिथेच म्हटलं आहे. खरी असो-नसो, चित्र विसरता येत नाही. भर दुपारी उघडं दुकान, रिकामी गादी आणि कुणासाठीही न लावलेला दिवा.

मराठीतल्या दिव्याच्या वाक्प्रचारांत एक गोष्ट मला फार उशिरा दिसली. एकवचनी दिवा गंभीर असतो. अनेकवचनी झाला की टोमणा सुरू. ‘दिवा लावला’ म्हटलं की हात जोडले जातात. ‘काय दिवे लावलेस?’ म्हटलं की निकालाचा कागद मागे लपवावा लागतो. अकलेचे दिवे पाजळतात तेही अनेकवचनी. ‘दिवे ओवाळले तुझ्यावर’ यात आरतीचा सगळा सरंजाम असूनही कौतुक नाही. ‘पाजळणे’ हा शब्द तर प्रज्वलनातून आला, घरंदाज. पण आता तो फक्त अक्कल आणि ज्ञान यांच्या चेष्टेसाठी उरला. पुढे धरायच्या दिवट्यांचीही तीच गत. पारनेर तालुक्यात पिंपळगाव रोठ्याला कोरठण खंडोबा आहे. खंडोबाच्या कुळाचारात दिवटी-बुधली, म्हणजे जळती दिवटी आणि तिला पाजायचं तेल, यांचा मान मोठा. पण घरातल्या उनाड पोराला ‘दिवटे चिरंजीव’ म्हटलं, की त्या मानाचं भरीत होतं. टेंभाही तसाच. रात्रीच्या वाटेवर उपयोगी, दिवसा मिरवला तर हसू.

एकवचनी दिव्यांपैकी एकच मला खटकतो: वंशाचा दिवा. तो नेहमी मुलगा. ‘घरात दिवा लावायला कुणी नाही’ म्हणजे मुलगा नाही, जरी त्या घरात रोज दिवा लावणाऱ्या तिघी-चौघी असल्या तरी. आमच्या आत्याला आधी तीन मुली झाल्या तेव्हा हे वाक्य तिच्या तोंडावर बोललं गेलं होतं, आणि बोलणारी बाई बोलून झाल्यावर तिच्याच हातचा चहा पिऊन गेली. भाषेनं मात्र याचं उट्टं काढून ठेवलेलं आहे. मातीचा लहानसा दिवा तो पणती, आणि नातीची मुलगी तीही पणती. शब्द दोन असतील, उच्चार एक. पणतूच्या नावाचा दिवा मराठीत कुठे नाही. मुलीच्या नावाचं म्हणाल, तर जामखेड तालुक्यातल्या चौंडीच्या पाटलाच्या घरी १७२५ साली जन्मलेल्या मुलीचं नाव आज या अख्ख्या जिल्ह्याला आहे.

आत्याच्या वस्तीवरून नेवासं जवळ. तिथल्या त्या खांबापाशी ती वारीच्या दिवसांत आम्हाला नेऊन बसवायची. दुर्गा भागवतांनी ज्याच्यावर लिहिलं आणि ज्याचं नाव त्यांच्या ‘पैस’ या पुस्तकाला मिळालं, तो हा खांब. शके १२१२ला, म्हणजे १२९० साली, त्याला टेकून ज्ञानदेवांनी गीता मराठीत सांगितली आणि सच्चिदानंदबाबांनी ती लिहून घेतली, असं परंपरा सांगते. त्या ग्रंथाचं एक नाव भावार्थदीपिका. संस्कृतात टीकाग्रंथांना दिव्याची नावं द्यायची रीत जुनी: महाभाष्यावर कैयटाचा ‘प्रदीप’, आणि त्या प्रदीपावर नागेशभट्टांचा ‘उद्द्योत’, म्हणजे आधी दिवा, मग त्या दिव्याचा झगमगाट. टीकेनं नवी वस्तू आणायची नसते, असलेली दिसेल असं करायचं, हा त्यातला विनय. पण ‘दीपिका’ हा शब्द त्याहून लहान आहे. स्त्रीलिंगी, ‘इका’ लागून आखूड झालेला, हातात धरता येईल असा. नऊ हजार ओव्यांच्या ग्रंथाला हे नाव. दुसऱ्या अध्यायात तर ज्ञानदेव सांगतातच, की दिव्याची कळी धाकटी दिसते पण पुष्कळ उजेड दाखवते, तशी सद्बुद्धी थोडी असली तरी तिला थोडी म्हणू नये. ज्योतीला ‘कळी’ म्हणणं, ‘दीपकळिका’ म्हणणं, ही माझ्या मते त्या उपमेतली खरी किमया. कळी म्हटलं की ती उमलणार, हे न सांगता कळतं. ज्योत तोडता येत नाही, कळी खुडता येते. म्हणून तिला जपावंसं वाटतं.

गीतेतला प्रसिद्ध दिवा मात्र निवाऱ्यातला, वारा नसलेल्या जागी न हलणारा. योग्याच्या चित्ताला ती उपमा. हलणारा दिवा बघायचा असेल तर कर्जत तालुक्यात राशीनला जावं. जगदंबेच्या देवळाच्या दीपमाळा हलतात, असा त्यांचा लौकिक. वर चढून हलवलं की तो विटांचा सबंध मनोरा डुलतो. गीतेच्या कवीला जिथे ज्योत थरथरलेली चालत नाही, तिथे आमच्याकडे दिवे ठेवायचा मनोराच डुलवून दाखवतात, आणि पोरं खालून टाळ्या पिटतात. ‘दीपमाळ’ या शब्दाकडेही पाहावं: माळ गळ्यात लोंबते, ही जमिनीतून वर उभी. माळ देवीसाठी आणि देवी वर आभाळात, अशा हिशेबानंच ती बरोबर दिसते.

शिरडीत दिव्याची गोष्ट थेट तेलावर येते. दाभोळकरांच्या साईसच्चरितात आहे आणि जिल्ह्यात ज्याच्या-त्याच्या तोंडी आहे: बाबा मशिदीत दिवे लावायचे, तेल वाण्यांकडून मागून आणायचे, एक दिवस वाण्यांनी संगनमतानं ‘तेल नाही’ म्हणून सांगितलं, बाबांनी टमरेलातल्या उरल्यासुरल्या तेलात पाणी घातलं, ते पिऊन टाकलं, मग पणत्यांत पाणीच ओतलं आणि दिवे रात्रभर जळले. लोक चमत्कार सांगतात तो पाण्याचा. मला त्यातली आधीची ओळ जास्त खरी वाटते, ती म्हणजे वाण्याच्या दारात तेलासाठी उभा असलेला फकीर. आपल्याकडे कुठल्याही दिव्यामागे कुणाची तरी उधारी असते. आत्या ते जाणून होती. देवाच्या दिव्याचं तेल ती भाजीच्या तेलातून काढायची नाही. त्याची बाटली वेगळी, बुचाला दोरा बांधलेली, आणि महिना भागत नसला तरी ती रिकामी दिसली नाही.

म्हणून ‘दिवा ऱ्हाऊ दे’.

बत्ती फुंकलेली चालायची तिला, हे वर आलंच आहे. दिव्याला तोंडानं फुंकर मारली तर पाठीत धपाटा. दिवा विझला असंही म्हणायचं नाही. शांत झाला, मालवला, फार तर ‘गेला’. ‘मालवणे’ आणि ‘मावळणे’ यांची व्युत्पत्ती काहीही असो, कानाला ते शेजारी वाटतात, आणि दिवा मालवला म्हणताना सूर्याला लावतो तसा सूर लागतो. पण आत्या मालवायचीसुद्धा नाही. लाइट आली, सगळं घर पिवळं झालं, आता त्या चिमूटभर ज्योतीची कुणाला गरज? तरी ती ऱ्हाऊ दे. ‘राहणे’ हे माणसांचं क्रियापद आहे. पाहुण्याला आपण म्हणतो, ‘आजचा दिवस राहा.’ वस्तूला म्हणतो तेव्हा, ‘असू दे’. दिव्याला तिनं असू दे म्हटलं नाही.

आषाढी अमावास्येला, दिव्याच्या अवसेला, घरातले झाडून सगळे दिवे बाहेर निघायचे. चिंच आणि राखेनं घासून पाटावर मांडायचे. समई, निरांजनं, लग्नात आलेला लामणदिवा, शेजारी कंदील, आणि एका वर्षी आम्ही चावटपणानं ठेवलेली बॅटरीसुद्धा. तिनं बॅटरीला हळदकुंकू वाहिलं, काही बोलली नाही. पण होल्डरमधल्या बल्बकडे तिचा हात कधी गेला नाही. बल्बचा, म्हणजे लाइटचा, दिवस वेगळा: खंडेनवमी. तेव्हा नांगर, कोयता, विळे यांच्याबरोबर विहिरीवरच्या स्टार्टरला हळदकुंकू आणि झेंडूची माळ. लाइट अवजार होती. दिवा घरातला माणूस होता. ही वर्गवारी तिला कुणी शिकवली नव्हती आणि विचारली असती तर तिला सांगताही आली नसती. त्या अवसेला ती बाजरीच्या पिठात गूळ घालून दिवे करायची, उकडायची. त्यांत तूप घालून आम्ही ते खायचो. ‘किती दिवे खाल्लेस?’ असं पोरं एकमेकांना विचारायची. खाल्लेल्या दिव्यांचं अनेकवचन तेवढं टोमण्यातून सुटलेलं.

आणि रोजच्या संध्याकाळची ती वेळ, दिवेलागण. नगरकडच्या माणसाला ‘लागण’ म्हटलं की आधी ऊस आठवतो. आडसाली लागण, सुरू लागण. सरीत कांडी दाबायची आणि वर पाणी सोडायचं. उसाची लागण, दिव्याची लागण. रोप लावतात, झाड लावतात, दिवा लावतात. क्रियापद एकच, आणि ते पेटवण्याचं नाही, पेरणीच्या घरचं आहे. पेटवतात शेकोटी, विडी, भांडण. लावलेल्याची मात्र पुढे राखण करायची असते. त्याला पाणी किंवा तेल घालत राहायचं असतं. आत्याच्या बोलण्यात ही दोन क्रियापदं कधी एकमेकांच्या जागी आली नाहीत.

तीन वर्षांपूर्वी गेलो होतो. वस्ती आता बंगला झालीय, छपरावर सोलर आहे, इन्व्हर्टर आहे, लाइट गेलेली कळतही नाही. त्यामुळे ते वाक्य कुणी म्हणत नाही. म्हणायची वेळच येत नाही. आत्या ऐंशीच्या पुढे, दिसायला कमी झालेलं. तेल सांडून पाय घसरला, तेव्हापासून सुनेनं देव्हाऱ्यात सेलवरचा दिवा आणून ठेवलाय: प्लॅस्टिकची पणती, तिच्यात थरथरणारा पिवळा एलईडी, खाली बारीक बटण. मला तो बघवेना. संध्याकाळ झाली तशी आत्याची पणती, पाच वर्षांची, आतून पळत आली.

“मोठी आई, देवाचा दिवा चालू करू?”

आत्यानं आवाजाच्या दिशेला मान वळवली.

“चालू मोटर करत्यात बाई. दिवा लावत्यात.”

पोरगी थबकली. मग म्हणाली, “लावू?”

“लाव.”

तिनं बटण दाबलं.